करवलीची साडी

मी एक करवतकाठी साडी बोलतेय. मोहाडीची, टसरची. माझे विणकर सेवकराम. काठांसाठी वेगळे धोटे चालवायचे म्हणजे म्हातारपणी जिकिरीचं काम. तरी त्यांनी बंद पडलेला माग झाडूनपुसून पुन्हा लावला. कारण मुलाच्या, कुंदनच्या लग्नात मोठी मुलगी मोनिका करवली होणार होती. कऱ्हा घेऊन नवरदेवामागं उभी राहणारी सख्खी बहीण! माझा तोरा काय सांगू!

मोनिका नागपूरच्या एका क्लबात नाचते. घरात सगळ्यांना ठाऊक, गावात मात्र ती दवाखान्यात नर्स. माग थंडावला तेव्हापासून घर तिच्याच नाचण्यावर चाललंय. कुंदनचं शिक्षणही त्यातच झालं. तेव्हा कोणाला लाज वाटली नाही.

हळदीच्या सकाळी ती आली. मला खांद्यावर टाकून आरशात बघत म्हणाली, "बाबा, काठ किती सुंदर आला जी!" सेवकराम लहान मुलासारखे हसले.

दुपारी नवरीचे मामा हेमराज आले, तेव्हाही मी तिच्या खांद्यावरच होते. मोनिकाला पाहताच चपापले. मग तिच्या आईला, कौशल्याबाईंना बाजूला घेऊन, पण घरभर ऐकू जाईल असं म्हणाले, "हे पोरगी तं क्लबात नाचते! हे करवली असन तं आमी नवरी नाही पाठवत."

"तुमाले कसं माहीत?" एवढं विचारायला त्या घरात एकालाही तोंड फुटलं नाही. मला जीभ असती तर!

कौशल्याबाई मुलीला म्हणाल्या, "तू निंग, बाई. भावाचं लगन मोडतं काय?"

मोनिकानं कुंदनकडं पाहिलं. तो मोबाईलमध्ये डोकं घालून बसला. "बाबा, तुमी तरी बोला नं," ती म्हणाली.

सेवकरामांनी खाली मान घालून मला तिच्या खांद्यावरून काढलं आणि पुतणी रुचिकाच्या हातात दिलं. ज्या हातांनी मला विणलं, त्याच हातांनी. मी ते अजून विसरले नाही, विसरणारही नाही.

रुचिका करवली झाली आणि लग्न थाटात झालं. वरातीत बँडपुढं सगळ्यांत जास्त नाचले ते मामा हेमराज. लोकांनी टाळ्या वाजवल्या.

मोनिका आता घरच्यांचा फोन उचलत नाही. रुचिकानं मला परत आणून दिलं. तेव्हापासून मी कपाटात, डांबराच्या गोळ्यांच्या वासात पडून आहे. परवा नव्या सुनेनं विचारलं, "आई, हे साडी कोनाची जी?"

"कोनाचीच नाही," कौशल्याबाई म्हणाल्या.

सेवकराम तिथंच चहा पीत होते. बशी ओठांशीच थांबली.

सूनबाई, पुन्हा एकदा विचार. सासूला नको, माझ्या विणकराला विचार. आणि ते मोनिकाचं नाव घेत नाहीत, तोवर समोरून उठू नकोस.