बिनतोंडाचं पाखरू

बंद पडलेल्या छापखान्याच्या त्या लांबट हॉलमध्ये मुंगीलाही शिरायला जागा नव्हती. खिडक्या लावलेल्या, पंखे बंद. घामाच्या धारा लागल्या होत्या, पण कुणी तक्रार करत नव्हतं. मधोमध टेबलावर पांढरं कापड अंथरलेलं होतं आणि त्याभोवती हात पसरून बसलेली माणसं: कुणाचा मुलगा गेलेला, कुणाचा नवरा, कुणाची आई. त्यांच्यात माझी वहिनी होती.

पाखरूबाबांनी एक लाकडी डबी उघडली. आतून पांढरं, केसाळ पाखरू बाहेर आलं आणि कापडावर गप्प बसलं.

"वारा नको म्हणून पंखे बंद ठेवलेत," बाबा म्हणाले. "आत्मा हलका असतो. फुंकर मारलीत तर परत जाईल!" मग त्यांनी ज्याची पाळी त्याचाच हात शुद्ध करायचा म्हणून कापसाचा एक बोळा वहिनीच्या तळहातावर फिरवला आणि आवाज चढवला, "भिंगरी! बाळा, आई कुठाय तुझी? ओळख बरं!"

पाखरू थरथरलं. पंख भिरभिर फडफडवत, गोल गोल फिरत ते सगळ्यांचे हात सोडून नेमकं वहिनीच्या तळहातावर चढलं. हॉलमध्ये हुंदका फुटला.

"जवळ येऊन बघा!" बाबा ओरडले. "याला तोंडच नाही! तोंडाशिवाय या जगात कोण जगतं? हा किडा नाही, पक्षी नाही. पंख असून उडून जात नाही. का? माया! माया आडवी येते!"

माया बाबांनाही आडवी येत होती, पण ती दाराशी ठेवलेल्या पेटीत पडत होती.

भिंगरी माझी भाची. एका जागी ठरत नसे, म्हणून तिला सगळे भिंगरीच म्हणत. ताप मेंदूत गेल्याचं निमित्त झालं आणि दवाखान्यातून दादाने, माझ्या भावाने, घरी उचलून आणला तो तिचा निष्प्राण देहच. त्यानंतर वहिनी बोलेनाशी झाली. शेजारणीने तिला छापखान्यात नेलं तेव्हा दादाने अडवलं नाही. "निदान घराबाहेर तरी पडतेय," तो मला म्हणाला. दादा घड्याळं दुरुस्त करतो. डोळ्याला भिंग लावून दिवसभर खाली मान घालून बसायची त्याला सवय. बायकोचं दुःखही तो तसंच मान खाली घालून बघत होता.

पहिल्यांदा मलाही वाटलं, असू दे. बुडत्याला काडीचा आधार. पण बाबांनी नियम घालून दिले होते. रडायचं नाही, रडलं की पाखरू जातं. आणि पाखरू जेवत नाही, तेव्हा आईने तरी पोटभर का जेवावं? वहिनीने आधी रात्रीचं जेवण सोडलं, मग सकाळचं. पाखरू डबीतून घरी आणलेलं असायचं; ते आठवडाभरात मरायचं. मग बाबा म्हणत, "कुणीतरी शंका घेतली घरात." वहिनी त्यांच्या पाया पडून नवं पाखरू आणायची. माझ्या डोळ्यांसमोर त्या बाईची मुलगी पुन्हा पुन्हा मरत होती.

तिसरं पाखरू मेलं त्या दुपारी मी तिच्याकडे गेले. वहिनीच्या बांगड्या कोपरापर्यंत सरकत होत्या.

"वहिनी, मला एकदा बघू देशील ते? चिरणार नाही. नुसती बघीन."

तिने डबी माझ्या हातात दिली. "तुझीही भाचीच ना ती. जपून ने."

मी कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवते. प्रयोगशाळेत ते पाखरू सूक्ष्मदर्शकाखाली ठेवलं. सहा पाय, सांधेवाले. चार पंख, खवल्यांनी झाकलेले. म्हणजे किडाच, आणि फुलपाखरं-पतंगांच्या कुळातला. मिशा फणीसारख्या दातेरी. बहुतेक पतंगांना फुलातला रस प्यायला गुंडाळलेली सोंड असते. इथे त्या जागी दोन खुरटे कोंब होते. तोंडाची जागा होती, तोंड नव्हतं. ही काही परलोकाची खूण नव्हे. याच्या पूर्वजांना सोंड होती. पुढे या कुळाने सगळं खाणंपिणं अळीच्या जन्मातच उरकून घ्यायचं धोरण धरलं आणि सोंड झडत गेली. न वापरलेल्या दारावर भिंत घालावी, पण चौकटीचा आकार दिसत राहावा, तसं. देहाच्या अशा खुणांवरूनच आपण कोण कुणाचा चुलत, कोण कुणाचा आत्तेभाऊ हे ओळखतो.

मी कपाटातला खण ओढला आणि टाचणीवरच्या नमुन्यांशी पंखांच्या शिरा ताडून पाहिल्या. शीर न शीर जुळली. तो रेशमाचा पतंग होता. माणसाने हजारो वर्षं पाळून पाळून त्याची उडण्याची ताकदच घालवून टाकली. म्हणून तो उडून जात नाही, मायेने नाही.

पोटाच्या टोकाशी दोन आकडे होते. मादीला धरण्यासाठी असतात ते. म्हणजे पाखरू नर होतं.

मी खुर्चीत मागे टेकले. हसू यायला हवं होतं. आलं नाही. नराच्या त्या दातेरी मिशा कशासाठी असतात ते मी दरवर्षी फळ्यावर काढून शिकवत होते: मादीच्या पोटातून सुटणारा गंध टिपायला. त्या गंधाचा कण जरी लागला, तरी नर पंख फडफडवत तिकडे चालू लागतो. बाबांच्या बोळ्यात काय होतं, ते मला कळलं.

घरी जाऊन मी वहिनीला सगळं सांगितलं. तिने शांतपणे ऐकलं आणि म्हणाली, "तू खूप शिकलीस गं. पण ती माझ्याच हातावर येते. तुझ्या नाही."

रेशीमपालनाच्या केंद्रातून मी कोष आणले. पतंग बाहेर पडल्यावर एका फुगीर मादीच्या पोटाच्या टोकाला कापूस टेकवला, तो झाकणाच्या बाटलीत ठेवला आणि दादाला घेऊन छापखान्यात गेले. वहिनी आधीच टेबलाशी बसली होती.

"बाबा," मी म्हणाले, "माझ्या वहिनीचा हात आज साबणाने धुऊ द्या."

"धुऊ दे! आत्म्याला साबण कसला अडवतो?" बाबा हसले. "पण शुद्धी मात्र करावी लागेल."

"शुद्धी नको. आई आहे ती. लेकराला आईची ओळख पटवायला कापूस लागतो होय?"

लोक बाबांकडे पाहू लागले. बाबा "शास्त्र", "परंपरा", "अश्रद्धांची सावली" असं बरंच काही बोलले. तेवढ्यात दादा, ज्याने आजवर कुणाला उलट उत्तर दिलं नव्हतं, पुढे आला. "माझी मुलगी असेल तर येईल," तो म्हणाला. त्याने साबण लावून वहिनीचा हात तांब्यातल्या पाण्याने स्वतः धुतला, पुसला आणि कापडावर ठेवला. बाबांचे डबीवरचे हात सैल पडले. दादानेच ती उघडली.

पाखरू बसून राहिलं.

"भिंगरी," वहिनीने हाक मारली. "ये ना गं."

पाखरू हललंही नाही. मी बाटलीतला बोळा काढून दाराशी काढून ठेवलेल्या बाबांच्याच कोल्हापुरी वहाणेवर घासला आणि वहाण टेबलाच्या दुसऱ्या टोकाला ठेवली. काही क्षण गेले. मिशा हलल्या. पंख भिरभिरले. गोल गोल नाचत, वहिनीच्या बोटांना पंख घासून, ते वहाणेपर्यंत गेलं आणि टाचेवर चढलं.

एक जण फिसकन हसला. मग सगळा हॉल हसला. बाबा मागच्या खोलीकडे सटकले, चार माणसं त्यांच्यामागे धावली. आत तुतीच्या पानांच्या टोपल्या होत्या, कोषांचे ट्रे होते आणि कापसाच्या डब्यात एक मादी बसलेली होती. कुणीतरी ती उचलून मिरवत बाहेर आणली. हशा आणखी वाढला.

"हसू नका!" वहिनी किंचाळली. तिने माझ्याकडे बघितलं. "मग ती कुठेय?"

"वहिनी, ती नाही."

"कुठेच?"

खोटं बोलणं फार सोपं होतं. "कुठेच नाही."

तेव्हा ती रडली. टेबलावर डोकं टेकून, महिन्यांचं साठलेलं सगळं. दादा तिच्याजवळ खाली बसला आणि तोही रडला. कुणीतरी बोलावलेले पोलीस बाबाला घेऊन गेले, पण आम्हा तिघांपैकी कुणी मान वळवूनही पाहिलं नाही.

त्याच संध्याकाळी वहिनी चक्कर येऊन पडली. दवाखान्यात सलाईनवर राहिली. उपासाने हृदय अशक्त झालं होतं. डॉक्टर म्हणाले, ते पूर्वीसारखं होणार नाही. जिना चढताना तिला आजही मध्येच बसावं लागतं. माझ्याशी ती कित्येक महिने बोलली नाही. मी डबा ठेवून यायचे, ती रिकामा करून परत पाठवायची. मला तेवढं पुरे होतं.

मागच्या आठवड्यात तिने आपणहून फोन केला. गल्लीच्या टोकाच्या शिंपिणीचा मुलगा अपघातात गेला होता आणि तिला कुणीतरी दुसऱ्या गावच्या एका बाबाचा पत्ता दिला होता. तो म्हणे गेलेल्यांचा आवाज ऐकवतो. "चल माझ्याबरोबर," वहिनी म्हणाली.

मी वाटेत तारा, स्पीकर, लपवलेली माणसं असं काय काय मनात जुळवत होते. शिंपीण मशीनपाशी बसली होती, पाय पॅडलवर, मशीन बंद. वहिनी धापा टाकत तिच्या शेजारी बसली.

"माझी मुलगी मेली," ती म्हणाली. हा शब्द मी तिच्या तोंडून पहिल्यांदाच ऐकला. "तुझा मुलगा मेला. ते परत येत नाहीत. कुणी आणून देतो म्हणाला तर तो तुला लुटायला आलाय. आधी जेव. मग पोटभर रडू. मी बसते."

वहिनीने बरोबर आणलेला डबा उघडला आणि तिने पुढे केलेला घास शिंपिणीने घेतला.

वाचकहो, दुःखाने माणूस आंधळा होतो, त्यात त्याचा दोष नाही. दोष त्या अंधारात दुकान मांडणाऱ्याचा आहे, आणि बाजूला उभं राहून "असू दे, तेवढाच आधार" म्हणणाऱ्या आपला आहे. चमत्कार दिसला की जवळ जा, निरखून पाहा, प्रश्न विचारा. आणि ज्याचं माणूस गेलंय, त्याच्या शेजारी जाऊन बसा. ती जागा रिकामी ठेवलीत, तर तिथे कुणीतरी बाबा येऊन बसतो.