शेवंतीच्या मळ्यात माझा मर्डर

मी भिकन बोलतोय. मातीचा पुतळा. वीतभर उंची, आत तार, तोंडावर मस्ती. माझ्याआधीचे तीन वाकून पडून मेले, म्हणून मला बनवणाऱ्या कुंदननं, देवाकडं भीक मागून घेतलेल्या पोराला ठेवतात तसं, मला हे नाव ठेवलं. मी तरी जगावं म्हणून. आणि बनवलं कशाला, तर मारायला. लय हुशार माणूस.

सत्त्याण्णव साल. मखमलाबादला मळ्यातल्या पत्र्याच्या खोलीत शूटिंग. लग्नं शूट करणाऱ्याचा कॅमेरा मागून आणलेला. बटण दाबायचं, बंद करायचं, मला केसभर सरकवायचं, परत बटण. सगळं जोडून बघितलं की मी आपोआप हलतोय असं वाटायचं. एक ठोसा खायला मला अख्खी सकाळ लागायची. नाक सपाट केलं, कान उपटला, पोटात टाचण्या खुपसल्या. आपण हूं नाय केलं. रक्त म्हणजे देवघरातलं कुंकू, तेलात कालवलेलं.

सोमवारी मुंबईच्या एका स्टुडिओत कॅसेट द्यायची होती. कार्टूनची नोकरी लागली तर ठीक, नायतर कुंदनचा बाप लहानू त्याला कायमचा फुलं खुडायला बसवणार होता. फक्त माझा मर्डर शूट करायचा राहिलेला.

रविवारी कुंदन जेवायला गेला. मला हलवायचं नसतं, म्हणून तसाच ठेवून. तेवढ्यात त्याची आई गोजराबाई झाडू घेऊन आत आली. बघते तर कुंकवानं माखलेला पुतळा, अंगात टाचण्या.

"अहो, इकडं या लवकर. मळ्यावर करणी केलीय कोणीतरी."

लहानू कोयता घेऊनच आला. "तरीच म्हणलं शेवंती का जळती." पहिल्या घावात माझा हात उडाला, दुसऱ्यात खांदा, तिसऱ्यात मांडी. वरून गोजराबाई मूठमूठ मीठ मारत होती.

कुंदन दारात येऊन थिजला. "नाना, तो माझा हिरो आहे."

"मग कुंकू का चोपडलं, येड्या?"

"रक्त आहे ते."

लहानूनं उगारलेला कोयता खाली घेतला. कुंदननं तुकडे बघितले. नवीन पुतळा करायला वेळच नव्हता. मग म्हणला, "नाना, मुंडकं राहिलंय. ते तुम्हीच तोडा. पण थांबत थांबत."

"म्हंजे कसं?"

कुंदन कॅमेऱ्यामागं गेला. "कोयता दोन बोटं खाली आणा. हां. आता हलू नका."

बाप दुपारभर कोयता धरून उभा. हात थरथरला की गोजराबाई त्याचं कोपर धरायची.

"श्वास घेऊ का?"

"घ्या, पण सोडू नका."

"अरे, त्याच्याआधी मीच मरंन."

पातं माझ्या गळ्यात जवाच्या दाण्याएवढं घुसायचं आणि थांबायचं. असं कोणाला मरायला मिळत नाय. दिवस कलता कलता मुंडकं घरंगळलं.

कॅसेट वेळेत पोचली. स्टुडिओवाल्यानं पहिलं विचारलं, "तो कोयत्याचा हात कोणाचा?" नोकरी लागली.

आता दोन हजार सात. कुंदन सिनेमातल्या लढाया कॉम्प्युटरवर करतो. एका क्लिकला हजार माणसं कापतो, रक्तसुद्धा आयतं. परवा लहानू बघायला आला होता. बराच वेळ बघून म्हणला, "यात कोयता कोण धरतं?"

"कोणीच नाय, नाना."

मी तिथंच टेबलावर असतो. धड इकडं, मुंडकं तिकडं. येणारा-जाणारा मला चिकटवायला बघतो. हात लावू नका, राव. मला घरच्या तिघांनी मिळून, दुपारभर, जपून मारलंय.