तिसरी हाक

आमच्या ह्यांची जीभ गेली आणि गळा राहिला. असं कधी होतं का? होतं. डहाणू रोडच्या डॉक्टरांनी मला नीट समजावून सांगितलं, की मेंदूत बोलण्याची जागा एकीकडे आणि गाण्याची दुसरीकडे. लकव्याने पहिली गेली, दुसरी शाबूत आहे. म्हटलं, डॉक्टर, गाणी तरी आपली असती! भजन नाही, आरती नाही. माणसाला पाणी मागता येत नव्हतं, आणि इटालियन मात्र तोंडपाठ.

हे सगळं खोर्शेदबाईंचं देणं. नरपडच्या आमच्या वाडीला लागूनच त्यांची चिकूची वाडी, मध्ये फक्त मेंदीचं कुंपण. एकटी इराणी बाई, ऐंशीच्या पुढची. बंगल्यात रेकॉर्ड प्लेअर आणि ऑपेराच्या तबकड्यांच्या चळती. ऑपेरा म्हणजे आपल्या संगीत नाटकासारखंच, पण त्यात बोलणं जवळजवळ नाहीच. भाकरी मागायची तरी गाऊन मागायची. रविवारी ऊन कललं की बाई कुंपणापाशी येऊन हाका मारायच्या, "दौलतभाई! दौलतभाई! अरे ओ दौलतभाई!"

तीन हाका का, तर आमच्या गावची रीत त्यांनी उचलली होती. आमच्याकडे दिवेलागणीला बाहेरून कोणी हाक मारली तर पहिल्या दोन हाकांना ओ द्यायची नाही. माणूस असेल तर तिसरी मारेल. दुसरं काही असेल तर दोनावरच थकेल. आमच्याकडे सख्खा भाऊ आला तरी दारात उभं राहून तीनदा ओरडतो, तेव्हा कुठे आतून कोणी हलतं. बाई भर दुपारीसुद्धा तीनच मारायच्या. आणि हेसुद्धा तिसरीलाच "ओ! आलो!" म्हणून उठायचे, हातातला चहा तसाच टाकून.

मला राग यायचा. खोटं कशाला बोलू? ऐंशीच्या म्हातारीचा कसला मत्सर करायचा, पण हे परत यायचे तेव्हा डोळे असे चकाकत असायचे, की माझ्या हातच्या बोंबलाच्या कालवणाने ते कधी चकाकले नव्हते. "काय ती बोंबाबोंब ऐकत बसता?" मी विचारायची. हे हसायचे. "बकुळा, शब्द मला तरी कुठे कळतात? तू श्वास ऐक. गाणारा श्वास कुठे घेतो ते बघ, तिथे माणूस सापडतो." मी म्हणायची, अगोदर चिकू उतरवून घ्या, श्वास नंतर बघू.

मग खोर्शेदबाई गेल्या. भाच्याने बंगल्याला कुलूप घातलं, आणि जाताना प्लेअर आणि सगळ्या तबकड्या ह्यांना देऊन गेला. त्या आमच्या कपाटावर चढून बसल्या. २०१८च्या दिवाळीत ह्यांना लकवा झाला तेव्हा त्यांच्यावर बोटभर धूळ होती.

मी ती पुसली, कारण दुसरा इलाज नव्हता. हे गात होते आणि मला कळत नव्हतं काय हवंय. पाणी? लघवी? उशी? म्हणून मी तबकड्या लावायला घेतल्या. कुठली चाल कुठल्या प्रसंगाची, हे कळलं तर माझा नवरा मला कळेल, एवढाच माझा हिशोब होता. पहिले आठ-दहा दिवस डोकं उठलं. मग एका दुपारी, तांदूळ निवडता निवडता, मला एका बाईचा श्वास ऐकू आला. उंच सुरावर जायच्या आधी तिने तो असा घेतला, जशी मी विहिरीतून भरलेली कळशी वर ओढायच्या आधी घेते. माझे हात थांबले. शब्द एक कळला नाही, आणि मी ढसाढसा रडले.

तेव्हापासून मला वेडच लागलं म्हणा, ही ऑपेरा रचणाऱ्यांची नावंसुद्धा तोंडात बसली. व्हर्दीचा माणूस रागावला की सगळा गाव त्याच्या मागे उभा राहून रागावतो. पुचिनी एकट्या बाईला वाट बघायला बसवतो आणि मेला आपल्याला सुखाने जेवू देत नाही. आणि मोझार्ट! चार जण एकाच वेळी चार गोष्टी गातात, अगदी आमच्या लग्नघरासारखं, आणि तरी प्रत्येकाचं वेगळं ऐकू येतं. आमच्याकडे कुठलं यायला! हळूहळू कळलं, की भूक लागली की हे मोझार्ट गातात, अंग पुसायचं असलं की व्हर्दी. मीसुद्धा त्याच चालीवर विचारायला लागले, "भात कालवू का, की पेज देऊ?" हे हसायचे, अर्ध्या तोंडाने. इतक्या वर्षांच्या संसारात आम्ही एवढं कधी बोललो नव्हतो.

मला फक्त एक हवं होतं. डॉक्टर म्हणाले होते, गाण्यातून कधी कधी शब्द परत येतो. त्यांचा परत आलेला पहिला शब्द मला हवा होता. माझ्यासाठी. बाकी कोणासाठी नाही.

त्याच थंडीत तलासरीकडे जमीन हलायला लागली. ह्यांचं करायला सुषमा यायची, ती तिकडच्याच पाड्यावरची, इथे बहिणीकडे राहायची. ती सांगायची, "काकी, आधी खालून आवाज येतो. धाडकन. मग घर हलतं." तिच्या घराची भिंत तडकली होती, माणसं थंडीत प्लास्टिक बांधून अंगणात झोपत होती, आणि तिने विवळवेढ्याच्या देवीला नारळ बोलला होता. आमच्याकडे भांडी वाजायची, दिवा झुलायचा. एवढा जड माणूस ऐन वेळी दोघी बायका उचलणार कशा? म्हणून ह्यांची खाट आम्ही ओटीवर आणली. ओटीवरून समोर कुंपण, आणि कुंपणापलीकडे तो बंद बंगला.

तिथे आल्यावर तिसऱ्या की चौथ्या दिवशी त्यांनी नवीनच काही गायला घेतलं. दिवेलागणीची वेळ. एक ओळ गायली आणि थांबले. मान कुंपणाकडे कलती करून ऐकत राहिले. मग हसले. पुन्हा एक ओळ, पुन्हा थांबले. मी तांब्या घेऊन उभी. वाडीत त्या वेळी साळुंक्यांचा एवढा कलकलाट असतो की माणसाला माणूस ऐकू येत नाही. हे थांबले की त्या गप्प व्हायच्या. गायला लागले की पुन्हा सुरू.

सगळ्या तबकड्या मी पालथ्या घातल्या. चाल सापडली ती एका लेबल गेलेल्या तबकडीवर. कोणाची, कुठली, काही पत्ता नाही. खोळीवर नुसतं चित्र, किनाऱ्यावर एक नावाडी आणि कमरेएवढ्या पाण्यात पाठमोरी बाई. सुईखाली आधी पुरुष गातो. मग फार लांबून, पडद्यामागून असावं, एक बाई हाक मारते. तो ओ देत नाही, आपलंच गातो. ती दुसऱ्यांदा मारते. तरी नाही. तिसऱ्यांदा हाक अगदी जवळून येते, कानाशी, आणि मग तो असा मोठ्याने ओ देतो की प्लेअर थरथरतो. त्यानंतर दोघांचं एकत्र गाणं, मग वाद्यांचा एक दणका, आणि शेवटी बाई एकटीच. मला तर हसूच आलं. म्हटलं, लोक इटलीतले आणि रीत नरपडची! तिसरीला ओ दिली म्हणजे हाक माणसाचीच. प्रियकर-प्रेयसी भेटले असणार, दुसरं काय.

पण ह्यांना कोण हाक मारत होतं, हे मला न सांगता कळत होतं. दोन हाका. रोज दोन. आणि हे त्या ऐकून हसत होते. मेल्यावरसुद्धा बाईला माझाच नवरा सापडला का? मी त्या रागातच ठरवलं. दोन तिने माराव्यात, तिसरी मी मारीन. तिसरी माणसाची असते. ह्यांनी ओ दिली की शब्द आला, आणि तो माझा.

अडचण एकच होती. हाक नावाने मारायची, आणि त्यांचं नाव मी कधी घेतलंच नव्हतं. लग्नात उखाण्यात घेतलं तेवढंच. "अहो", "ऐकलं का", "दीपेशचे बाबा", ह्यावर संसार झाला. मी विहिरीपाशी, न्हाणीत, चिकूच्या झाडांना सांगत सराव केला. दौलत. दौ-लत. त्या बाईच्या चालीवर. दर वेळी कान तापायचे, नव्या नवरीसारखे.

त्या दिवशी हवा पडली होती. सुषमा आत कंदील पुसत होती, कारण दिवे गेले होते. मी खाटेच्या मागे उभी राहिले, पदर खोचून. ह्यांनी पहिली ओळ गायली. थांबले. साळुंक्या गप्प. मान कलली, हसले. दुसरी ओळ. थांबले. मला काहीच ऐकू येत नव्हतं, शप्पथ, काहीच नाही. मग ते तिसऱ्यांदा थांबले. ही माझी जागा. मी श्वास घेतला, छाती भरून घेतला, आणि नाव ओठाशी आलं, आणि मी लाजले. एवढंच. एक क्षण लाजले.

"ओ! आलो!" हे म्हणाले.

स्वच्छ. लकव्याच्या आधीसारखं. माझ्याकडे नाही, कुंपणाकडे बघून.

मी अजून तोंडसुद्धा उघडलं नव्हतं.

मग खालून तो आवाज आला, धाडकन, आणि ओटी हलली. कौलं खडखडली, आत मांडणीवरून ताटं पडली. मी खाटेचा खूर धरून खाली बसले. सुषमा धावत येऊन ह्यांच्या अंगावर आडवी पडली. हे सगळं थांबलं तेव्हा साळुंक्या पुन्हा बोलत होत्या. ह्यांची मान तशीच कललेली, तोंडावर ते हसू. मी नाकाशी हात धरला. मग ओरडले. मग नावाने ओरडले, गावभर ऐकू जाईल असं, किती वेळा ते मला आठवत नाही. आता काय उपयोग होता?

तेराव्याचे दिवस झाल्यावर सुषमा माझ्यापाशी बसली आणि मला बरं वाटावं म्हणून म्हणाली, "काकी, त्या संध्याकाळी तुम्ही किती गोड हाक मारली त्यांना. मी आतून ऐकली. तुमचा गळा एवढा छान, मला माहीतच नव्हतं." मी हो म्हटलं, नाहीतर पोर घाबरली असती.

एकदा मी ती लेबल गेलेली तबकडी पुन्हा लावली. ह्या वेळी सूर सोडून दिला, ह्यांनी सांगितलं होतं तसा श्वास ऐकला. बाईचा ऐकू येतो, प्रत्येक हाकेआधी. नावाड्याचा ऐकू येतो, प्रत्येक ओळीआधी. तिसऱ्या हाकेला तो ओ देतो, त्याच्या आधीसुद्धा येतो. त्यानंतर दोघं एवढं गातात, पण त्याचा श्वास मात्र एकदाही नाही. सूर आहे, श्वास नाही. इतका वेळ तबकडी मला हेच सांगत होती, आणि मी हसले होते. मी ती खोळीत घातली आणि कपाटावर अगदी मागे सारली.

बाकीच्या मी ऐकते. रविवारी ऊन कललं की व्हर्दी लावते, पुचिनी लावते, मोझार्टला तर भात ढवळता ढवळता साथ करते. दीपेश फोनवर म्हणतो, आई, तुला काय हे नवीन खूळ? म्हटलं, तुझ्या बापाचं आहे, वारशाने आलंय.

आणि दिवेलागणीला कुंपणाकडून हाक येते. "बकुळा." गळा ओळखते मी. मी गप्प. "बकुळा." श्वास नाही त्या हाकेला. मग काही नाही. साळुंक्या बोलायला लागतात. खोर्शेदबाईंनी तीन मारल्या, हे मात्र दोनावर थांबतात. थकून नाही. मला न्यायचं नाही त्यांना, म्हणून. एवढं ऐकायला मी आता शिकले आहे. पहिल्या दिवशी मला एवढा राग आला त्यांचा, एवढं रडू आलं, की मीच ओटीच्या कडेला जाऊन हाक मारली. "दौलत!" आता लाज वाटत नाही. "दौलत!" आणि तिसरी ओठाशी आली तशी गिळली. मारली आणि खरंच आले तर?

त्यांच्या दोन, माझ्या दोन. रोज एवढंच होतं, मग मी आत जाऊन दिवा लावते.