एर्मिनियाबाईंचा स्वतःचा आवाज

मंगळवारी सकाळी दहा वाजून वीस मिनिटांनी एर्मिनियाबाई माझ्यासमोर उभ्या राहिल्या. वय एक्क्याऐंशी. नावावर बासष्ट चित्रपट. माझ्यासमोर मात्र पहिल्यांदाच.

मित्रांनो, मी एक जुना मायक्रोफोन आहे. माद्रिदमधल्या एका तळघरात बावन्न वर्षं उभा आहे. तेव्हा आमच्याकडे चित्रीकरणात आवाज घेत नसत. नट नुसते ओठ हलवत, आणि नंतर इथे कुणीतरी त्या ओठांवर शब्द बसवत असे. एर्मिनियाबाई उएल्व्हा बंदरातल्या मासळीवालीची मुलगी. आवाज खरखरीत, बोली दक्षिणेची. "चेहरा राणीचा, गळा बाजारातला," असं एक दिग्दर्शक याच खोलीत म्हणाला. मग गळा इथे आवाज देणाऱ्या असुन्सिओनबाईंनी दिला, तीस वर्षं. बक्षिसं चेहऱ्याला मिळाली.

माझंही तेव्हा कौतुक होतं. "हा श्वाससुद्धा सोडत नाही," म्हणत. पुढे नवी यंत्रं आली आणि माझ्यावर रेक्झिनची टोपी चढली. आत मला चैन नसे. वरच्या रस्त्यावर गाडी थांबली तरी वाटे, कुणी आलं का?

आता बाईंचा सर्वांत गाजलेला चित्रपट स्वच्छ करून पुन्हा दाखवणार आहेत. "एकदा तरी माझ्या आवाजात," असा त्यांनी हट्ट धरला. चित्रपट संग्रहालयाने एवढंच कबूल केलं: शेवटचा प्रसंग बोलून पाठवा, ऐकून ठरवू. जुन्या चित्रपटाला जुनाच माइक हवा, म्हणून माझी टोपी निघाली.

प्रसंग साधा. नवऱ्याची होडी निघून जाते, बाई धक्क्यावरून हाक मारते, "परत ये, अरे परत ये!" सहा वेळा झालं. सहाही वेळा शब्द संपले तरी पडद्यावरचे ओठ हलतच होते.

"बाई, थोडं लांबवा," ध्वनिमुद्रक फेर्मिन म्हणाला.

"किती लांबवू? होडी आफ्रिकेला पोचेल!"

मागच्या खुर्चीतून काठी आपटली. असुन्सिओनबाई आल्या होत्या. "नाही जमायचं गं. तू तिथे 'परत ये' म्हणतच नव्हतीस."

"मग काय म्हणत होते?"

"मासळी विकत होतीस. 'तारली घ्या, ताजी तारली!' तीन दिवस तुझ्या तोंडाकडे बघत होते मी. तुझ्या नवऱ्यानेही एवढं बघितलं नसेल."

एर्मिनियाबाई हसल्या. "आईची आरोळी. वाटलं, कोण ऐकतंय."

"ऐकलं नाहीच कुणी. मी बघितलं. सरक पुढे."

असुन्सिओनबाईंनी त्यांच्या पाठीवर हात ठेवला आणि शब्दागणिक हलकेच थोपटू लागल्या. सातव्यांदा हाक गेली: शब्द 'परत ये'चेच, ताल तारलीच्या आरोळीचा. खरखरीत, मिठाच्या वाऱ्यासारखी. ओठ आणि शब्द बरोबर एकत्र मिटले. फेर्मिनने अंगठा वर केला.

मित्रांनो, आम्हा जुन्या माइकांना कोरड्या फडक्याने पुसा, तोंडावर फुंकर मारून तपासू नका. आणि एखादा आवाज खरखरीत वाटला, तर त्याच्या जागी लगेच दुसरा शोधू नका. आधी पुरतं ऐका.

ध्वनिमुद्रण त्याच दिवशी पाठवलं. शुक्रवारपर्यंत कळवू, असं संग्रहालय म्हणालं होतं. आज बुधवार. दोघी दहा वाजल्यापासून समोर बसल्या आहेत, फोन मधे ठेवून. तो वाजलेला नाही. फेर्मिनने माझी टोपी अजून परत चढवलेली नाही.