आकसाचा आरोप

पाणी खात्यातला मीटर तपासनीस बदलीविरुद्ध कोर्टात गेला, तेव्हा वकिलाने त्याला स्पष्टच सांगितलं होतं, "बायको आजारी आहे एवढ्यावर स्थगिती मिळत नाही. साहेबांनी आकसाने बदली केली, असं लिहावं लागेल." साहेबांनी आकस कधीच धरला नव्हता. उलट बायकोच्या ऑपरेशनच्या वेळी त्यांनीच मागेल तितकी रजा दिली होती. पण तिचे उपचार याच गावात चालू होते, म्हणून त्याने डोळे मिटून सही केली.

सुनावणीच्या दिवशी साहेब कोर्टाच्या व्हरांड्यात त्याच्याच बाकावर येऊन बसले. आरोप थेट त्यांच्यावरच असल्याने त्यांनाही यावं लागलं होतं.

"वहिनींची तब्येत काय म्हणते?"

"बरी आहे, साहेब." त्याची मान वर होईना.

"मी तुला छळतो, हे वाचून आमची ही पोट धरून हसली. म्हणे, तुम्हाला तर घरचं मांजरही भीत नाही!"

"साहेब, ते वकिलाने..."

"असू दे. मी आरोप नाकारलेला नाही. स्थगिती मिळेल तुला."

"आणि तुमची यंदा व्हायची बढती?"

साहेबांनी चष्मा काढून पुसायला घेतला. तेवढ्यात पुकारा झाला.

आत न्यायाधीशांनी त्यालाच विचारलं, "आकसाचा आरोप खरा आहे?"

साहेब त्याच्या मागेच उभे होते.

"हो," तो पुटपुटला.

"ऐकू आलं नाही. मोठ्याने बोला."

त्याने घसा साफ केला आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं पुन्हा सांगितलं.