तळं रिकामं होण्याआधी

“डॉक्टर काय म्हणाले, विसरलीस, आई? पायाला साधं खरचटलं तरी चिघळेल,” मासाकी तळ्यातलं पाणी उपसायच्या मोटारीची वायर तपासत म्हणाला.

हात्सुए काठावर बसून मोजे काढत होती. साखरेच्या आजाराने पाय बधिर झाले होते. पण जपानमधल्या निइगाताच्या डोंगरातलं हे तळं उद्या रिकामं होणार होतं. वसंतात तिचा नवरा तोकुजी गेला. मासाकीची नोकरी शहरात, त्यामुळे रंगीत कोय मासे पाळणारं घरात कुणी उरलं नव्हतं. त्याने ते खालच्या गावातल्या व्यापाऱ्याला विकले होते.

नवी नवरी असताना, एका रणरणत्या दुपारी ती अंगावरच्या कपड्यांनिशी याच तळ्यात शिरली होती. तोकुजीने पाहिलं आणि तो भडकला. काळजी तिची नव्हती, माशांची होती. तिच्या केसांचं तेल त्यांना बाधलं असतं. त्याने तिला झऱ्याखाली स्वच्छ न्हायला लावलं आणि मग स्वतःच तिच्याबरोबर पाण्यात उतरला. मासे पोटऱ्यांना तोंड लावत, आणि हसू दाबताना तिच्या नाकातोंडात पाणी जाई. ते पाणी बाधलं आणि पुढे कितीतरी दिवस ती पोट धरून होती. सासूने खोदून विचारलं, तेव्हा तोकुजीने सगळं खापर तिने खाल्लेल्या काकडीवर फोडलं.

हे तिने मुलाला आज पहिल्यांदाच सांगितलं.

“आणि आम्हा मुलांना बाबा काठावरसुद्धा फिरकू देत नव्हते,” मासाकी म्हणाला.

“तुम्ही साबण फासून यायचात.”

मग त्याने एकेक सांगितलं: पाण्यात माशांची घाण आहे, औषधं आहेत, तळ शेवाळलेला आहे. तिने सगळं मान्य केलं.

“पोहायचं नाहीये रे मला. नुसतं उभं राहायचंय.”

मासाकीने मोटारीची वीज तोडली आणि छपरीतून वडिलांचे छातीपर्यंत येणारे रबरी बूट आणले. तिच्या तळव्यांवरून, बोटांच्या बेचक्यांतून हात फिरवून एखादी भेग तर नाही ना, हे पाहिलं. मग तिला बुटांत चढवलं, पट्टे आवळले आणि दंडाला धरून कमरेइतक्या पाण्यात नेलं. रबराबाहेरचं पाणी तिला फक्त थंड लागलं.

एवढ्यात पलीकडच्या काठाकडून पाणी हललं. लाल, पांढरे, सोनेरी, सगळे मासे, तोकुजी रोज जे घालून दाणे टाकायला उतरायचा, त्या बुटांकडे झेपावत आले आणि तोंडं वासून भोवती थांबले.

हात्सुएपाशी दाणे नव्हते. तिने दोन्ही हात पाण्यात बुडवले आणि बोटं पसरून धरली. मासाकीने तिचा दंड तेवढा धरून ठेवला.