हंगामी न लिहिलेली पाटी

मी दारावरची पाटी बोलतेय. घाटकोपरच्या एका चाळीत, दुसऱ्या मजल्यावर, दोन खिळ्यांवर टांगलेली. दिसायला स्थिर असले तरी गेली दोन वर्षं मला चैन नाही, आणि आज सकाळपासून तर मुळीच नाही.

चोपन्न साली स्टेशनाबाहेरच्या एका रंगाऱ्याने मला रंगवलं. मला करून घेतलं ते बाळाने. वय एकोणीस, चौथीत शाळा सोडलेला, डोक्यात आलं की करून मोकळा होणारा. त्याचा थोरला भाऊ शरच्चंद्र कारखानीस सरकारी कचेरीत कारकून. त्याला नुकतंच हेड क्लार्कच्या जागेवर हंगामी बसवलं होतं.

रंगाऱ्याने विचारलं, "हंगामी लिहू ना?"

"हंगामी आंबे असतात रे. माझा दादा नाही. नुसतं हेड क्लार्क लिही, ठळक."

दादाला न विचारताच त्याने मला दारावर ठोकलं. दादा कचेरीतून आला, मला बघून लाजला. "अरे, अजून कायम कुठे झालोय? काढ ती." पण बाळाचा चेहरा पाहून पुन्हा काही बोलला नाही. उत्तरावहिनी मला रोज ओल्या फडक्याने पुसू लागली.

पुढल्या श्रावणात सत्यनारायणाला कचेरीतले साहेब आले. चपला काढताना त्यांनी मला सावकाश वाचलं. "वा, कारखानीस," एवढंच म्हणाले, प्रसाद घेऊन गेले. दीड महिन्यात हुकूम निघाला. काम असमाधानकारक, मूळ पदावर परत.

चाळीतल्या लोकांनी मला तोवर कधी नीट पाहिलंही नव्हतं. आता जो तो वाचू लागला. शेजारचा मधुकर जाता-येता म्हणायचा, "काय हेड क्लार्क, चहा झाला का?"

बाळा पक्कड घेऊन धावला. दादाने त्याचा हात धरला.

"राहू दे. आता काढली तर मीच कबूल केल्यासारखं होईल. वकील म्हणतात, शिक्षा म्हणून खाली उतरवायचं तर आधी माझं म्हणणं ऐकायला हवं होतं."

"माझ्या पाटीमुळे झालं का रे दादा?"

"हुकुमात तसं काही नाही," दादा म्हणाला, आणि आत गेला.

मग दोन वर्षं कोर्टाच्या तारखा. दादा इस्त्रीचा कोट घालून जायचा, चुरगळून परत यायचा. बाळा मात्र येताजाता माझ्याकडे बघायचंच टाळायचा. गेल्या महिन्यात वकिलांची भाषणं संपली, निकाल तेवढा राहिला. त्याच आठवड्यात दादाला विषमज्वर झाला. बारा दिवसांत सगळं संपलं.

निकाल त्यानंतर लागला. हुकूम रद्द. कारवाई करायचीच असेल तर आधी त्या माणसाला विचारा, असं कोर्टाने सांगितलं.

आज सकाळी कचेरीचा शिपाई धाकू आला. एका हातात कागद, दुसऱ्या हातात खळीची वाटी.

"दादा गेला, धाकूमामा. तुम्हाला माहीत आहे ना?"

"खांदा दिलाय मी त्याला, बाळा. पण साहेबांचा हुकूम हाय. माणूस भेटला नाही तर नोटीस दारावर डकव म्हणाले."

त्याने माझ्याखालीच कागद डकवला आणि मान खाली घालून जिना उतरला. बाळा एकेक अक्षर लावून वाचू लागला. 'हंगामी असताना राहत्या घरी हेड क्लार्क अशी पाटी लावून आपण लोकांची दिशाभूल केली. पंधरा दिवसांत आपले म्हणणे मांडावे.'

तो आत गेला, वहिनीकडून दादाचं पेन मागून घेतलं आणि उंबऱ्यावर बसून लिहायला लागला. 'पाटी मी केली. भावाला विचारलं नाही. तो काढ म्हणाला, मी काढली नाही.' खोडलं, पुन्हा लिहिलं.

"आता कुणासाठी लिहितोयस रे?" वहिनीने विचारलं.

"त्यांनी विचारलंय ना, वहिनी. दादाच्या वतीने कुणीतरी बोलायला नको?"

साहेब, तो कागद तुमच्या टेबलावर येईल. अक्षर वाकडं असेल, शाईचे डाग असतील. नुसता फायलीला लावून मोकळे होऊ नका. कारखानीसांचा यात दोष नव्हता, एवढं एक वाक्य त्याखाली लिहा आणि तुमची सही करा. मग बाळा स्वतःच्या हाताने मला उतरवेल, आणि मी मुकाट्याने उतरेन.